फिनलंडमध्ये लाईट गेली

माझा धंदा काय होता हे सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग विचारतात, "ते झालं हो, पण खरं काय करायचात?" अहो, खरंच सांगतोय. मी पडद्याशेजारी उभा राहून बोलायचो. सिनेमा इंग्रजी, बघणारे भिवंडीचे, आणि दोघांच्या मध्ये मी, दामोदर केणी, मुक्काम कशेळी, हातात माइक. नोकरीचा दाखला मागितला असता तर काय लिहून मिळालं असतं देव जाणे.

भिवंडीत तेव्हा गल्लोगल्ली कापडाचे लूम होते. कारागिरांना विरंगुळा म्हणजे 'व्हिडिओ'. व्हिडिओ म्हणजे पत्र्याचा हॉल, लाकडी बाकं आणि समोर पडदा. आमच्या व्हिडिओचा मालक याकूब, माझा शाळेपासूनचा दोस्त. हॉलच्या भिंतीला लागून त्याचाच लूमचा कारखाना, आणि कारखान्याच्या मागे त्याचं घर. प्रेक्षक कोणी उत्तर प्रदेशचा, कोणी तेलंगणाचा, कोणी आमच्याच तालुक्यातल्या दिघाशीचा. इंग्रजी कोणालाच कळत नव्हतं. मलाही बेताचंच कळायचं. पण याकूब म्हणाला, "दाम्या, तू अभ्यास न करता तोंडी परीक्षेत पास व्हायचास. धर हा माइक." तो जो धरला, तो हॉल बंद पडेपर्यंत सोडला नाही.

या धंद्याचे काही नियम होते आणि ते मीच केले होते. व्हिलन पडद्यावर आला की सांगायचं, "हा त्यांचा मुकादम." पुढचं काही समजवावं लागत नसे, लोक लगेच दात-ओठ खायला लागत. नावं बदलायची, नाहीतर कोण कोणाला मारतोय कळत नाही. एकदा तर एकाच सिनेमाची गोष्ट मी दिवसपाळीला एक सांगितली आणि रातपाळीला दुसरी, कारण मधल्या वेळेत मला पहिली आठवेना. दिवसवाल्यांची हिरोईन डॉक्टर होती, रातवाल्यांची हिरोची हरवलेली बहीण. पाळी बदलताना कारखान्यात दोन्ही गट भिडले. "बहन है!" "डॉक्टर है!" लूम बंद पडले. शेवटी याकूब मध्ये पडला आणि म्हणाला, "बहन भी है और डॉक्टर भी. पढ़ाया होगा भाई ने." सगळ्यांना पटलं, आणि मला त्या दिवशी कळलं की खरा समजावणारा तोच आहे.

पण सगळ्यात मोठा नियम निराळाच होता. पडदा गप्प बसला तरी माइकने गप्प बसायचं नाही. कारण सांगतो. भिवंडीचा माणूस लूमच्या खटाखटीत झोपतो आणि शांतता झाली की दचकून उठतो. शांतता म्हणजे लाईट गेली. लाईट गेली की लूम थांबले, लूम थांबले की कारागीर उठून बाहेर चहाला. लाईट आली की पुन्हा पळत आत. ही सवय इतकी अंगात मुरलेली की पडद्यावर हिरो-हिरोईन नुसते एकमेकांकडे बघत राहिले तरी अर्धा हॉल उठून टपरीवर जाऊन उभा राहायचा. म्हणून मी अखंड बोलायचो. वारा सुटला तर वाऱ्याचंही सांगायचो. मग हॉल बंद झाला, सगळ्यांच्या हातात मोबाईल आले, आणि मी घरी बसलो. घरी टीव्ही बघताना सून म्हणते, "बाबा, जरा गप्प बसा ना, आम्हाला कळतंय."

अशात एक दिवस मरियमभाभी घरी आल्या. याकूबची बायको. पाणीसुद्धा न पिता म्हणाल्या, "दामूभाई, एवढी वर्षं तुम्ही लोकांना इंग्रजी समजावलंत. आता माझा नवरा मला समजावून द्या."

याकूब बोलायचा थांबला होता. मला ते अर्धवट ठाऊक होतं. मी भेटायला जायचो, तो बसलेला असायचा, मी बोलायचो, मी उठायचो. मला वाटायचं, नेहमीसारखंच तर आहे. पण भाभींचं म्हणणं, लूम भंगारात गेले त्या दिवसापासून त्याने घरात एक शब्द काढलेला नाही. मुलाने कारखान्याचं गोदाम केलं होतं. त्यात त्याचा तरी काय दोष, लूम चालत नव्हते. मानकोली नाक्यापासून इथपर्यंत कितीकांनी तेच केलंय. आता तिथे खोकी येतात आणि खोकी जातात, आणि खोक्यांना आवाज नसतो.

"गळा तपासला, डोकं तपासलं, सगळं ठीक आहे," भाभी म्हणाल्या. "मांजराला 'हट' म्हणतो, दामूभाई! मांजराला! मला तेवढं पण नाही. सकाळ-संध्याकाळ विचारते, चहा घेणार का? हो नाही की ना नाही. मी करून ठेवते, तो एक घोट घेतो आणि कप सरकवतो. मग तो कप पण मीच पिते. माझं पित्त बघा किती वाढलंय."

मला हसू आलं, पण मग त्यांनी पदर तोंडाला लावला. "हसू नका. मला भीती वाटते. हा असाच न बोलता निघून गेला तर मी मरेपर्यंत विचार करत बसेन की माझ्यावर नाराज होता की काय. लूम विकायला 'हो' मीच म्हटलं होतं. तेवढंच कळू दे, नाराज आहे का नाही."

त्या गेल्यावर आमची सौ. आतून म्हणाली, "जावा, समजवा. बायकोच्या मनातला कदी समजला न्हाय, न दुसऱ्याच्या नवऱ्याचा समजवाला निघालंय." मी गेलो. आलिया भोगासी.

याकूबची भाची नसरीन मनाच्या आजारांची डॉक्टर आहे. दवाखाना इथेच. हुशार पोरगी, पण तिला एक नाद आहे. फिनलंडचे सिनेमे. हे सिनेमे म्हणे जगात नावाजलेले. माणसाच्या मनात काय चालतं ते दाखवतात. तिथली माणसं मुळात कमी बोलतात, त्यामुळे कॅमेरा चेहऱ्यावरच थांबून राहतो, इतका की बघणाऱ्याला स्वतःचंच काहीतरी आठवायला लागतं. तिने ठरवलं होतं की पेशंट, त्यांच्या घरचे आणि ज्याला यायचं तो, अशा सगळ्यांना दर शुक्रवारी नमाजनंतर एकेक सिनेमा दाखवायचा. शुक्रवारी लूमना सुट्टी असते. हॉल मामूचाच, अजून जागेवर आहे. मामू पहिल्या बाकावर बसेल. बघू या काय होतं ते.

"आणि मी काय करू?" मी विचारलं.

"दामूमामा, खाली इंग्रजीत जे लिहून येतं तेवढंच हिंदीत सांगायचं. एक शब्द जास्त नाही."

"आणि खाली काही आलंच नाही तर?"

"तर गप्प बसायचं. गप्प बसणं हाच तर सिनेमा आहे."

मासळीला सांगितलं, पाण्याबाहेर बस आणि मजा कर. तरी मी हो म्हटलं. कारण एक तर याकूब, आणि दुसरं म्हणजे माइक.

पहिल्या शुक्रवारी हॉल बऱ्यापैकी भरला. माझी जुनी गिऱ्हाईकं आली होती. त्यात रामसमुझ पुढे, गोरखपूरकडचा, याकूबच्या कारखान्यात केस पिकवलेला कारागीर. सिनेमाचं नाव मला म्हणता येईना. त्यात इतके 'आ' आणि 'ऊ' होते की डॉक्टरने घसा बघितल्यासारखं वाटायचं. मी जाहीर केलं, "भाइयो और बहनो, फिनलंड का बड़ा पिक्चर." टाळ्या पडल्या.

सिनेमा सुरू झाला. लाकडी खोली. तापलेले दगड. दोन जाडजूड गोरे कमरेला टॉवेल गुंडाळून बसलेले. एकाने दगडांवर पाणी मारलं आणि वाफच वाफ.

"अरे, ये तो सायझिंग है!" रामसमुझ ओरडला.

सायझिंग म्हणजे सुताला खळ लावून वाफेवर वाळवतात ते खातं. तिथे उन्हाळ्यात काम करणारा माणूस संध्याकाळी घरी जातो तेव्हा बायको ओळखत नाही. हॉलमध्ये एकच गलका उडाला. छुट्टीच्या दिवशी सायझिंगमध्ये बसलेत? कपडे काढून? कोणी पकडून बसवलंय का? नसरीनने मागून सांगितलं की नाही, ते आवडीने बसतात, घराघरात अशी खोली असते. मग मागच्या बाकावरून एकजण गंभीरपणे म्हणाला, "डॉक्टरनी सही बोल रही थी. दिमागी बीमारी का ही पिक्चर है."

पुढे ते दोघे गप्प झाले. शेजारी होते, कशावरून तरी बिनसलं होतं, आणि आता एक भिंतीकडे बघत होता आणि दुसरा दगडांकडे. खाली काही लिहून येईना. नसरीन माझ्याकडे बघून बोट ओठावर ठेवत होती. मी जीभ दातांत धरून उभा. कारागिरांना खटाखटीत ओठ बघून बोलणं समजायची सवय असते, तेही डोळे बारीक करून पडद्याकडे बघत होते, पण या लोकांचे ओठच हलत नव्हते. आणि मग व्हायचं तेच झालं. बाकं करकरली. त्यांच्या लेखी लाईट गेली. माणसं उठली आणि शिस्तीत टपरीवर चहाला गेली. पेशंट गेले, पेशंटांचे नातेवाईक गेले, गोदामात पॅकिंग करणारी पोरं गेली, ज्यांनी आयुष्यात लूम चालवला नाही तीही गेली. आत उरलो मी, नसरीन, भाभी आणि याकूब. पडद्यावर दोघे गप्प, बाकावर एक गप्प. कोण बघतोय आणि कोण सिनेमात आहे ते कळेना.

तेवढ्यात भिंतीकडे बघणाऱ्याने तोंड उघडलं. माझ्याने राहवलं नाही. जुन्या सवयीने मी माइकमध्ये ओरडलो, "आ गई! आ गई!" सगळे पेले टाकून धावत आत. "क्या बोला? क्या बोला?" मी खालचं वाचलं आणि सांगितलं. तो म्हणाला होता, "हां."

"हां? बस हां? चाय आधी छोड़ के आया मैं!"

सिनेमा संपल्यावर नसरीन माझ्यावर भडकली. मी म्हटलं, "बाई, मी एक शब्द जास्त बोललो नाही. 'आ गई' हे फिनलंडचं नव्हतं, भिवंडीचं होतं." ती हसली नाही. म्हणाली, "मामूने पापणीसुद्धा हलवली नाही." ते खरं होतं. भाभींनी येताना थर्मास भरून चहा आणला होता. तो तसाच परत चालला होता. जाताना त्या थर्मास छातीशी धरून चालत होत्या, आणि मला स्वतःचीच चीड आली. कसला मी समजावणारा!

पुढच्या शुक्रवारी मी नसरीनला सरळ सांगितलं. "हे बघ, शांतता असली की हे लोक उठणार. उठले की तुझा सिनेमा कोण बघणार? मला बोलू दे. मनात काय चाललंय ते मी सांगतो."

"पण तुम्हाला कसं कळणार काय चाललंय?"

"मला इंग्रजी तरी कुठे कळत होतं?"

तिने हात टेकले. "बोला," म्हणाली.

हा दुसरा सिनेमा पहिल्यापेक्षा गप्प. गोठलेलं तळं, काठावर एक बाक, बाकावर एक म्हातारा. वरून बर्फ पडतोय. डोक्यावर, खांद्यावर, भुवयांवर पांढरं. आमच्या लोकांना बर्फ दिसलाच नाही. "कितनी रुई उड़ रही है," एकजण कळवळून म्हणाला, "मुंह पे रुमाल तो बांध ले, चाचा." लूमवर दिवसभर उभं राहिलं की कापसाच्या तुसाने माणूस असाच पांढरा होतो.

म्हातारा हलेना. बाकं करकरणार एवढ्यात मी माइक तोंडाशी नेला. "ये सोच रहा है कि बीवी मायके गई, अब खाना कौन बनाएगा."

"नहीं, नहीं," डावीकडून आवाज आला. "बेटा सौदी गया है. फोन नहीं करता."

"अबे, जमीन गेली असंल त्याची. गोदामाला," दिघाशीचा एकजण म्हणाला. "माजा बाप असाच बसलाय बांदावर."

बघता बघता लिलाव लागला. कोणी म्हणे कर्ज, कोणी म्हणे गुडघे. एक बाई, नसरीनच्या पेशंटची आई, कधी कोणाशी बोलत नसे. ती हळूच म्हणाली, "त्याला कोणी जेवलास का म्हणून विचारलं नाही." तिचा मुलगा वळून तिच्याकडे बघायला लागला. मी नसरीनकडे पाहिलं. मला वाटलं, आता ही ओरडणार. पण ती कोपऱ्यात उभी राहून एकेकाचं ऐकत होती, आणि मला थांबवायला हात वर करायचं विसरली होती.

म्हातारा आपला बसलेलाच.

मग रामसमुझ उठून उभा राहिला. म्हणाला, "तुम सब बकवास कर रहे हो. वो कुछ नहीं सोच रहा. लाईट गई है उसकी. आने का इंतजार कर रहा है."

कोणी हसलं नाही. हसण्यासारखं होतं खरं तर. पण त्या हॉलमधला एकेक कारागीर कधी ना कधी असा कारखान्याच्या ओट्यावर बसला होता, आता येईल, मग येईल म्हणत. मी याकूबकडे पाहिलं. तो पडद्याकडेच बघत होता, पण त्याची बोटं बाकाच्या लाकडावर नाचत होती. खट-खट, खट-खट. आवाज येत नव्हता, मला नुसतं दिसत होतं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, सांगायला लाज कसली.

मी माइक खाली ठेवला. मला वाटलं, लोक आता चहाला जातील. कोणी गेलं नाही. लाईटची वाट बघणाऱ्याला एकटा टाकून जात नाहीत, ही पण सवयच. सगळे तसेच बसून राहिले, फिनलंडच्या त्या म्हाताऱ्याबरोबर. भिवंडीत इतकी माणसं जागी असून इतकी शांतता मी पहिल्यांदाच ऐकली.

मग पडद्यावर एक म्हातारी आली. जाड कोट, डोक्याला रुमाल. बाकावरची रुई झटकून त्याच्याशेजारी बसली. खूप वेळ दोघे तळ्याकडे बघत होते. मग ती एक शब्द बोलली. अख्खा हॉल माझ्याकडे वळला. "क्या बोली? केणीभाई, क्या बोली?"

खाली इंग्रजीत लिहून आलं होतं, 'गारठा आहे.' मला तेवढं वाचता येतं. नसरीनलाही वाचता येतं. पण मागच्या बाकावर भाभी मांडीवर थर्मास घेऊन बसल्या होत्या. मी माइक उचलला आणि भिवंडीच्या मराठीत सांगितलं, "ती विचारते, चहा घेणार का?"

पडद्यावरचा म्हातारा काही बोलला नाही. तो कसला बोलतोय, फिनलंडचा तो.

पहिल्या बाकावरून आवाज आला. गंजलेल्या बिजागरीसारखा, अडकत अडकत. "साखर कमी टाक."

आधी कोणालाच कळलं नाही कोण बोललं. रामसमुझने इकडेतिकडे बघितलं. मग भाभी उभ्या राहिल्या. "काय?"

"साखर," याकूब म्हणाला. मान वळवली नव्हती. "लूम गेल्यापासून दुप्पट टाकतेस."

"तुमचं तोंड उतरलेलं दिसायचं म्हणून टाकत होते!" भाभींचा आवाज फाटला. "तर मग बोलायचं ना! एवढे महिने मांजराशी बोलता, आणि मला साखर कमी म्हणून सांगता येत नाही?"

"तुला वाईट वाटलं असतं," याकूब म्हणाला. "तू एवढ्या मायेने टाकत होतीस. मग काय बोलू? काहीच बोललो नाही. मग ते तसंच राहून गेलं."

"म्हणजे नाराज नव्हता?"

"तुझ्यावर? येडी आहेस का?"

भाभी पुढे आल्या आणि त्याच्याशेजारी बाकावर धपकन बसल्या. एका हाताने डोळे पुसत होत्या आणि दुसऱ्या हाताने त्याच्या दंडावर चापट्या मारत होत्या. शिव्या कोकणीत, रडणं उर्दूत. नसरीनने मला नंतर सांगितलं, मामा, ते काही साखरेमुळे नव्हतं हो. मला माहीत आहे, बाई. पण माणूस अडकलेलं दार उघडतो ते जिथून उघडतं तिथूनच.

भाभींनी थर्मास उघडला. आतला चहा अर्थात गोडमिट्ट. याकूबने पेला तोंडाला लावला, तोंड वाकडं केलं आणि शेवटच्या थेंबापर्यंत प्यायला. पडद्यावर ते दोघे अजून तळ्याकडे बघत बसले होते, आणि हॉलमधलं कोणी जागचं हललं नव्हतं.

बाहेर टपरीवाल्याचा जीव खालीवर होत असणार. आत इतकी शांतता आणि गिऱ्हाईक एक नाही. त्याने दारातून डोकं आत घातलं.

"क्या हुआ, सेठ? लाईट गई क्या?"

मी माइक उचलणार होतो. याकूबने हात वर करून मला थांबवलं आणि पेला बाजूला ठेवला.

"आली," तो म्हणाला. "आत ये."